हात चुकला

३ फेब्रुवारी

भिंगरी,

वर आधी 'अनेक आशीर्वाद' लिहिलं होतं, मग खोडलं. चौदा वर्षांत जिला एक फोन केला नाही, तिला आशीर्वाद कसले द्यायचे? तेव्हा नुसतं भिंगरी. हे नाव तुझ्या नवऱ्याला माहीत नसेल तर पत्र लपवून वाच.

मावशीने तुझा निरोप पोचवला. तोही तुझ्या आवाजात, मान झटकून. "तिला म्हणावं, बाबांना कार्टून केलंस ते केलंस, वर लोकांना त्या माणसाची कीव यावी म्हणूनही धडपडतेस!" असले निरोप द्यायला मावशीला किती उत्साह येतो ते तुला ठाऊक आहेच. तुझ्या लेकीने फोनवर आमच्या चित्रपटाची झलक लावली, त्यात तो माणूस कुलूप तीनदा ओढून बघतो तिथे तू फोन हिसकावून घेतलास, हेही तिने तिखटमीठ लावून सांगितलं.

आता माझी बाजू ऐक. चित्रपट लहान मुलांचा आहे, घरच्या सगळ्यांनी मिळून बघावा असा. एका सात मजली इमारतीतली मुलं एकेक करून नाहीशी होतात आणि दोन बहिणी त्याचा छडा लावतात. मुलं पळवणारा असतो इमारतीचा राखणदार. कमरेला चाळीस किल्ल्या, म्हणून स्टुडिओत आम्ही त्याला 'किल्लेदार' म्हणतो. तो मुलांना मारत नाही, उपाशी ठेवत नाही. त्याची स्वतःची मुलगी एकदा उघड्या दारातून बाहेर गेली ती परत आली नाही, म्हणून आता तो दिसेल ते मूल कुलपात ठेवतो. सुरक्षित राहावं म्हणून. चार वर्षं मी फक्त त्यालाच काढतेय. तो कसा चालतो, कसा खोकतो, खोटं बोलताना कुठे बघतो, हे सगळं माझ्या टेबलावर ठरतं. आमचे दिग्दर्शक म्हणतात, "मुलं त्याला घाबरली पाहिजेत, आणि शेवटी रडली पाहिजेत तीही त्याच्याचसाठी."

कुलूप तीनदा ओढणं बाबांचं आहे, कबूल. दाराबाहेर उभं राहून शंभरपर्यंत मोजणंही बाबांचंच. पण म्हणून किल्लेदार म्हणजे बाबा नव्हेत. बाबा शिक्षा म्हणून आपल्याला अडगळीच्या खोलीत कोंडायचे, मोठ्याने शंभर म्हणायचे आणि दार उघडायचे. मलाही कोंडलंय, तुलाही. एकदाच त्यांच्याकडून उघडायचं राहिलं. तू सहा वर्षांची होतीस आणि सहा तास आत होतीस. हे मी विसरलेय असं समजू नकोस.

त्यांची तब्येत तशी बरी आहे. डोकं मात्र राहिलेलं नाही. चाळीस वर्षं चष्म्याच्या काचा घासणारा माणूस परवा स्वतःचा चष्मा हातात धरून विचारत होता, हे काय आहे म्हणून. मला कधी ताई म्हणतात, कधी बाई. तुझं नाव मात्र चुकत नाही.

एकदा येऊन जा. माफ करून टाक त्यांना.

डावरी


१५ फेब्रुवारी

भिंगरी,

उत्तर येणार नाही हे धरूनच लिहितेय. मागच्या पत्रातली शेवटची ओळ मी तुला आजवर किती वेळा ऐकवली असेल? तू घर सोडून गेलीस त्या दिवशीही जिन्यात उभी राहून हेच बोलत होते. तू बॅग खाली ठेवून म्हणालीस, "तुला काय जातंय माफ कर म्हणायला? तू होतीस का आत?" तेव्हा मला तुझा राग आला होता.

परवा चाळीस मुलं बोलावून आम्ही चित्रपटाचा अर्धवट झालेला भाग दाखवला. धाकटी बहीण कोंडली जाते तो प्रसंग त्यातच आहे. आधी दिग्दर्शकांनी त्यावर ढणढण संगीत लावलं होतं, विजा काय, किंचाळ्या काय. मुलं मजेत बिस्किटं खात बसली होती. मग त्यांनी मी सुचवलेला प्रकार लावला. संगीत नाही. पडद्यावर आतला अंधार, आणि बाहेरून किल्लेदाराचा आवाज, एक, दोन, तीन, शांतपणे. साठपर्यंत येतो आणि थांबतो. पुढे काहीच नाही.

बिस्किटांचा आवाज बंद झाला. पुढच्या रांगेतली एक पाचेक वर्षांची मुलगी उभी राहिली आणि पडद्याकडे बघून म्हणाली, "एकसष्ट म्हणा ना!" कोणी म्हणेना. मग तीच ओरडली, "एकसष्ट!" मागून दुसरं ओरडलं, "बासष्ट!" आणि भिंगरी, बघता बघता ती चाळीसही मुलं घसा फोडून मोजायला लागली, त्या दाराबाहेरच्या माणसाला परत बोलावण्यासाठी. दिग्दर्शक खुशीत माझ्याकडे वळले. मी तोवर बाहेर जाऊन पाणी पीत होते.

साठ हा आकडा माझा नाही. तो तुझा आहे. तू सांगायचीस, अंधाराचं काही वाटलं नाही, साठपर्यंत ऐकू आलं आणि नंतर आकडेच आले नाहीत त्याची भीती वाटली. ते मी उचललं. तुला विचारलंही नाही.

एक गंमतही सांगते. आमच्याकडे एक तपासनीस बाई आहेत. सगळ्यांची चित्रं चाळून चुका काढणं हे त्यांचं काम. कोणाच्या शर्टाचं बटण एका चित्रात आहे आणि दुसऱ्यात नाही, हे त्यांना दहा फुटांवरून दिसतं. किल्लेदार धाकटीच्या दाराला किल्ली फिरवतो त्या बारा चित्रांच्या गठ्ठ्यावर त्यांनी लाल पेन्सिलीने चिठ्ठी लावून पाठवली. दोनच शब्द, 'हात चुकला'. खरंच चुकला होता. किल्लेदार सगळ्या चित्रपटात उजव्या हाताचा आहे आणि इथे किल्ली डाव्या हातात. मी हसून म्हटलं, "आरशाने घोटाळा केला." आमच्या प्रत्येकाच्या टेबलावर आरसा असतो, त्यात बघून आम्ही हातवारे करतो आणि काढतो. त्यामुळे डाव्याउजव्याचा घोळ सगळ्यांचाच होतो. त्यातून मी डावरी.

बाई हसल्या नाहीत. म्हणाल्या, "आरशातला हात समोरून दिसतो. हा तर किल्ली फिरवणाऱ्याच्या स्वतःच्या डोळ्यांतून काढलाय. आरसा कुठून आला मध्ये?" चष्मा पुसून त्यांनी पुन्हा बघितलं. "आणि हात लहान का हो आहे एवढा?"

मी गठ्ठा घेऊन जागेवर आले. तो अजून टेबलावरच आहे.

बाबा हल्ली रोज एकच प्रश्न विचारतात. आंघोळ झाली की खुर्चीत बसतात आणि म्हणतात, "मी दार उघडलं होतं ना गं?" मी चहा घेता का विचारते.

डावरी


२७ फेब्रुवारी

भिंगरी,

हे पत्र एकटी असताना वाच. मुलगी शाळेत गेल्यावर वाच.

तीन वेळा लिहून फाडलं. प्रत्येक वेळी सुरुवात 'तेव्हा मी अकरा वर्षांची होते' अशी व्हायची. त्यात आधीच माफी मागून ठेवल्यासारखं वाटतं. म्हणून सरळ सांगते. दार बाबांनी उघडलं होतं. कुलूप मी लावलं.

आई जाऊन दोन वर्षं झाली होती. त्या दिवशी शाळेला सुट्टी होती. सकाळी तू बाबांच्या घासलेल्या काचांच्या डब्यात पाणी ओतलंस आणि त्यांनी तुला कोंडलं. नेहमीप्रमाणे मोजायला लागले. मी न्हाणीघरात होते, मला सगळं ऐकू येत होतं. साठच्या पुढेही ते मोजत होते, भिंगरी. एकसष्ट, बासष्ट, सगळे आकडे म्हणाले. शंभर झाले, किल्ली फिरली, दार करकरलं. मग "झोपली वाटतं" असं स्वतःशीच म्हणाले, आणि कामावर निघून गेले. तू जुन्या गाद्यांवर झोपून गेली होतीस. साठच्या पुढे तुला काही ऐकू आलं नाही ते त्यामुळे.

दहा वाजता माझी चित्रकलेची स्पर्धा होती. तुला शेजारच्या काकूंकडे ठेवून जायचं ठरलं होतं. काकूंच्या दाराला कुलूप. मी परत आले, तू झोपलेलीच. तोंडात अंगठा होता. मी दार लोटलं, किल्ली फिरवली. डाव्या हाताने. एवढीशी किल्ली पण घट्ट होती, अंगठा दाबून धरावा लागला. तू उठून जिन्यात जाशील, शेगडीशी खेळशील, त्यापेक्षा आत सुरक्षित राहशील, असं मी स्वतःला सांगितलं. खरं कारण इतकंच की मला जायचं होतं. एक तासात येऊ असं वाटलं होतं. पण स्पर्धा लांबली, मग निकाल लागेपर्यंत थांबले, कारण पहिल्या नंबरावर माझं नाव येईल असं शाळेतल्या आमच्या चित्रकलेच्या बाई म्हणाल्या होत्या. आलंही. तू आत आहेस हे मी विसरले नव्हते. मला आठवत होतं आणि मी थांबले. हे वाक्य मी आजवर स्वतःलासुद्धा म्हटलेलं नव्हतं.

साडेचारला घरी आले तर बाबा उंबऱ्यावर बसलेले, तू त्यांच्या मांडीवर. तुझा आवाज बसला होता. अंगठ्याचं नख मुळापासून तुटलं होतं आणि दाराच्या आतल्या बाजूला रंग खरवडलेला होता. बाबांनी मान वर केली. मला वाटलं, आता मार बसणार. पण त्यांचा चेहरा बघून कळलं की ते माझ्यावर नाही, स्वतःवर संशय घेतायत. म्हणाले, "मी दार उघडलं होतं ना गं?"

मी म्हणाले, "नाही बाबा. मी न्हाणीघरातून आले तेव्हा बंदच होतं. मला वाटलं, तुम्ही तिला काकूंकडे सोडलंत."

एवढंच. माझ्या बगलेत बक्षिसाची रंगपेटी होती. त्यांनी माझ्यावर विश्वास ठेवला आणि स्वतःवरचा काढून घेतला. त्याच दिवशी त्यांनी पान्याने त्या दाराचं कुलूप उखडून टाकलं. परत आपल्या दोघींना कधी कोंडलं नाही. आणि त्याच आठवड्यापासून ते घराचं कुलूप तीनदा ओढून बघायला लागले, शेगडी दोनदा, नळ दोनदा, कारण आपण काय केलं नि काय नाही याचा त्यांना भरवसाच उरला नाही. तू त्यावरून त्यांची नक्कल करायचीस आणि मी हसायचे. चार वर्षं मी किल्लेदाराला तेच करायला लावतेय आणि लोक म्हणतात, किती बारीक निरीक्षण!

म्हणून म्हणते, तुझा निरोप अर्धा बरोबर होता. खलनायकाची कीव यावी म्हणून मी धडपडत होते खरी. फक्त कोणाची, ते मला तपासनीस बाईंच्या चिठ्ठीपर्यंत कळलं नव्हतं.

ती बारा चित्रं सोबत पाठवतेय. डाव्या कोपऱ्यात धरून अंगठ्याने भरभर सोडलीस की किल्ली फिरते. हात कोणाचा आहे ते तू ओळखशीलच.

माफ कर असं लिहिणार नाही. ते शब्द मी दुसऱ्याच्या नावावर वापरून संपवलेत.

ताई


१० मार्च

भिंगरी,

बाबांना सांगितलं. ज्या दिवशी तुला पत्र टाकलं त्याच दिवशी, नाहीतर माझं धैर्य गेलं असतं. आंघोळ करून खुर्चीत बसले आणि म्हणाले, "मी दार उघडलं होतं ना गं?" मी चहाचं विचारलं नाही. त्यांच्यासमोर स्टूल ओढून बसले आणि म्हटलं, "हो बाबा. उघडलं होतं. कुलूप नंतर मी लावलं."

 ते म्हणाले, "म्हणजे मी उघडलं होतं." त्यांचे खांदे एकदम खाली आले. मला शिवी दिली असती तर बरं वाटलं असतं. त्यांनी विचारलं, "तू का लावलंस?" मी सांगितलं. "बक्षीस मिळालं का मग?" मिळालं म्हटलं. "बरं झालं," म्हणाले, आणि खिडकीबाहेर बघायला लागले. रागाने म्हणाले की खरोखरच, मला कळलं नाही. मी स्वयंपाकघरात जाऊन ओट्याला टेकून रडले.

दुसऱ्या दिवशी साडेदहाला पुन्हा तोच प्रश्न. सांगितलेलं पुसून गेलं होतं. मी पुन्हा सांगितलं. त्या दिवशी मात्र चिडले, पाण्याचा पेला भिरकावला, "तेहतीस वर्षं तोंड शिवलं होतं का तुझं?" असं ओरडले. तिसऱ्या दिवशी माझ्या डोक्यावर हात ठेवला. चौथ्या दिवशी म्हणाले, "धाकटीला सांगितलंस का? तिला आधी सांग." रोज नव्याने सांगते, रोज त्यांना नव्याने कळतं. कधी मार मिळतो, कधी माया, आणि दुसऱ्या दिवशी पाटी कोरी. लोक एकदा कबुली देऊन सुटतात. माझा रोजचा रतीब लागलाय.

चित्रपटाचं सांगते. दिग्दर्शकांना मी म्हटलं, "हा हात असाच ठेवू या. कुलूप लावणारी थोरली बहीणच निघू दे." त्यांनी मला पाणी दिलं आणि म्हणाले, "अहो, मुलांच्या चित्रपटात वाईट माणूस मोठाच असावा लागतो. मुलं घरी जाऊन आपल्या बहिणीशेजारीच झोपतात." त्यांचं म्हणणं खोटं नाही. मी बाराच्या बारा चित्रं पुन्हा काढली. उजवा हात, मोठा, नखं काळी झालेली. तपासनीस बाईंनी 'ठीक' लिहून दिलं. पडद्यावर दोष किल्लेदाराकडेच राहील. म्हणून तुला हे सगळं कागदावर लिहून दिलंय.

तुझं काहीच आलं नाही. मावशीकडेही निरोप नाही, आणि मावशीला तो न मिळाल्याचं दुःख माझ्यापेक्षा जास्त आहे.

ताई


२ एप्रिल

भिंगरी,

परवा तू येऊन गेलीस. तू समोर असताना जे बोलता आलं नाही ते लिहितेय.

दार मी उघडलं. तू "बाबा?" एवढंच विचारलंस आणि चपला काढून आत गेलीस. चौदा वर्षांनी आलीस तरी आरशाशेजारच्या खुंटीलाच पिशवी अडकवलीस. मी स्वयंपाकघरात गेले. चहा टाकायचा होता, पण भांड्याचा आवाज नको म्हणून तशीच उभी राहिले. तिथून सगळं ऐकू येतं. ते मी लपून ऐकलं असं म्हणायचं असेल तर म्हण.

बाबांनी तुला ओळखलं नाही. "बसा बाई," म्हणाले. साडेदहा झाले होते. थोड्या वेळाने त्यांनी तुलाच विचारलं, "मी दार उघडलं होतं ना हो?"

मला वाटलं, आता तू माझं नाव घेशील. घ्यायलाच हवं होतंस. तू म्हणालीस, "हो, उघडलं होतंत."

"तुम्हाला काय माहीत?"

"मी आत होते."

 ते म्हणाले, "मोजलं होतं मी. पण शंभर झाले की नाही, आठवत नाही."

आणि तू मोजायला लागलीस. "एकसष्ट," म्हणालीस. "बासष्ट." पासष्टला त्यांचाही आवाज आला. तुम्ही दोघंही घाई करत नव्हतात. ऐंशीच्या आसपास त्यांचा एक आकडा चुकला, तू थांबलीस, तो घेतलास आणि पुढे गेलीस. मी ओट्याची कड धरून होते. नव्याण्णव. शंभर. मग बाबा अगदी पूर्वीच्या आवाजात, तोच जरासा घोगरा, म्हणाले, "चल, ये बाहेर."

तू रडलीस का ते मला दिसलं नाही. खुर्ची सरकल्याचा आवाज आला.

जाताना स्वयंपाकघराच्या दारात थांबलीस. माझ्याकडे बघितलंस. तुझ्या अंगठ्याचं नख अजून वाकडंच आहे. मी काहीतरी बोलायला तोंड उघडलं आणि तू मान हलवलीस, नको म्हणून. चहा न घेता गेलीस. ते बरोबरच झालं. ती बारा चित्रं परत आणली नाहीस एवढं मी बघितलं, त्यावरून कसलाही अर्थ काढलेला नाही. बाबांना पुन्हा भेटायला येणार असलीस तर मला आधी कळव, मी स्टुडिओत जाईन.

आणखी एक सांगायचं होतं, त्यासाठीच हे पत्र. त्या दिवसापासून बाबांनी तो प्रश्न विचारलेला नाही. काल नाही, आजही नाही. बाकी सगळं विसरतात, पण तो मात्र मिटला. आंघोळ करून खुर्चीत बसतात, खिडकीबाहेर बघतात, शांत असतात. कुलूपही आता एकदाच ओढतात.

मी साडेदहाला सवयीने स्टूल ओढून त्यांच्यासमोर बसते. उत्तर तोंडाशी आलेलं असतं. ते माझ्याकडे बघून हसतात आणि विचारतात, "चहा घेता का, बाई?"

ताई